डून लेरीच्या परसात अँजेलिका: माती, पाणी आणि थोडी सावधगिरी



आपल्या पुष्कळ घरांतली माणसे आता एका देशात मावत नाहीत. आजी-आजोबा लोदला नाहीतर दिमोनाला, मुलगा ठाण्याला आणि नात नोकरीसाठी आयर्लंडला, असे घर आता नवलाचे राहिलेले नाही. आयर्लंडला महिना-दोन महिने राहायला गेलेली वडीलधारी मंडळी घरामागची हिरवळ बघून पहिल्यांदा हेच विचारतात, "अगं, एवढी जागा पडली आहे, इथे लावायचं तरी काय?" कोथिंबीर तिथे उन्हाळ्यापुरती येते. मिरचीला काचेचे छप्पर लागते. अळू, भेंडी, तोंडलीचे तर नावच नको. मग तिथल्या गारठ्यात खुशीने वाढेल, पानापासून मुळापर्यंत सुवासिक असेल आणि आपल्या कोथिंबीर-शेपूच्याच घराण्यातले असेल, असे काही आहे का? आहे. तिचे नाव अँजेलिका.

या लेखात डून लेरी हे गाव डोळ्यांसमोर ठेवून अँजेलिकाला माती कशी लागते, पाणी किती लागते, बी कधी टाकायचे हे सांगितले आहे. शेवटी शेवटी एक धोक्याची गोष्टही आहे, ती मात्र आजी-आजोबांनी आणि मुलांनी जवळजवळ बसून वाचावी.

झाड कोणते?

अँजेलिका हे उत्तर युरोपातले झाड. नॉर्वे, आइसलँड, ग्रीनलँड अशा थंड मुलखात ते ओढ्याकाठी आपसूक उगवते. शास्त्रीय नाव अँजेलिका आर्केंजेलिका. आर्केंजेल म्हणजे मुख्य देवदूत, आपल्या भाषेत मोठा मलाख. महामारीच्या दिवसांत एका देवदूताने स्वप्नात येऊन ही वनस्पती दाखवली, अशी युरोपात जुनी दंतकथा आहे. ही दंतकथा झाली, तिला औषधाचा पुरावा समजू नये. पण या झाडाची किंमत लोकांना किती होती हे त्यावरून कळते. नॉर्वेत लोक फार पूर्वीपासून अँजेलिकाचे वाफे राखत आणि मध्ययुगातल्या तिथल्या कायद्यातही या वाफ्यांचा उल्लेख सापडतो.

कूळ मात्र आपल्या ओळखीचे. कोथिंबीर, शेपू, बडीशेप, जिरे, ओवा, गाजर ही सगळी याच कुळातली. पेसाहच्या ताटात कर्पास म्हणून ठेवतो ती सेलरी किंवा पार्सलीही यातलीच. या कुळाची खूण म्हणजे छत्रीसारखा फुलोरा. पावसाळ्यात साताऱ्याजवळच्या कास पठारावर पांढऱ्या छत्र्यांची 'पिंडा' फुलते, तीही अँजेलिकाची लांबची बहीण. तिच्या शास्त्रीय नावात तर चक्क कोकण आहे. अँजेलिकाची सख्खी बहीण हिमालयात आहे. हिमाचलात तिला 'चोरा' म्हणतात, कुमाऊँत 'गंदरायण', आणि तिथले लोक तिचे मूळ डाळीच्या फोडणीत घालतात.

झाड उंच होते, माणसापेक्षाही उंच, दीड ते अडीच मीटर. खोड जाड आणि आतून पोकळ. पहिल्या वर्षी नुसती पाने येतात. दुसऱ्या किंवा तिसऱ्या वर्षी उन्हाळ्यात हिरवट पांढऱ्या फुलांच्या गोल छत्र्या येतात, बी धरते, आणि झाड मरते. त्यात आपले काही चुकले असे समजू नका, त्याचे आयुष्यच तेवढे.

गाव कसे आहे?

डून लेरी हे डब्लिन शहराच्या दक्षिणेला समुद्रकाठचे गाव. डून म्हणजे गढी. लेरी हे आयर्लंडच्या एका जुन्या राजाचे नाव. १८२१ मध्ये इंग्रज राजाच्या भेटीनंतर गावाचे नाव बदलून किंग्जटाउन केले होते. १९२० मध्ये जुने नाव परत आले. बंदराचे काम १८१७ मध्ये सुरू झाले आणि त्याचे दोन लांबलचक धक्के शेजारच्या डॉकी गावच्या खाणीतल्या ग्रॅनाइट दगडाचे आहेत. आयर्लंडमधली पहिली रेल्वे १८३४ मध्ये डब्लिनहून इथेच आली. आज डार्ट नावाची लोकल गाडी समुद्राला अगदी लागून धावते.

हवा सौम्य. जानेवारीत सरासरी तापमान पाच-सहा अंश आणि जुलैत पंधरा-सोळा अंश. समुद्रामुळे कडक दहिवर फार पडत नाही. पाऊस वर्षाला सुमारे साडेसातशे मिलीमीटर. मुंबईत पावसाळ्याच्या चार महिन्यांत दोन हजार मिलीमीटरांहून जास्त पडतो, त्या मानाने हा कमी वाटेल. पण मुंबईचा पाऊस धो धो येतो आणि आठ महिने गायब होतो. इथला मात्र थोडा थोडा करून बाराही महिने पडतो. जूनमध्ये दिवस सतरा तासांचा आणि डिसेंबरात जेमतेम साडेसात तासांचा. अँजेलिकाला हेच हवे असते: थंड हिवाळा, लांब उजेडाचा सौम्य उन्हाळा आणि कधीही पूर्ण न सुकणारी जमीन.

माती: वाफसा हा शब्द आठवा

रायगड जिल्ह्यातल्या आपल्या जुन्या गावांत ज्यांनी शेती पाहिली आहे त्यांना 'वाफसा' शब्द ठाऊक असेल. पाऊस पडून गेल्यावर जमीन ओली असते पण चिखल नसतो, मातीत पाणीही असते आणि हवाही असते, ती स्थिती म्हणजे वाफसा. अँजेलिकाला वर्षभर वाफसा लागतो. पाणी साचले की तिचे मूळ कुजते आणि माती कोरडी पडली की पाने पिवळी होऊन ती वेळेआधीच फुलायला धावते. बाकीचे सगळे नियम या एका गोष्टीतून निघतात.

आता डून लेरीच्या मातीकडे बघू. खाली सुमारे चाळीस कोटी वर्षांपूर्वीचा ग्रॅनाइट. त्याच्यावर पुष्कळ ठिकाणी हिमयुगात बर्फाने ओढून आणलेली गोटेमिश्रित चिकणमाती, आणि त्या मातीत मध्य आयर्लंडच्या चुनखडीचे तुकडे. त्यामुळे एका गल्लीत जड, चिकट, चुना असलेली जमीन, तर डॉकीच्या टेकडीच्या बाजूला पातळ, रेताड, आम्लधर्मी जमीन. कोकणातल्या जांभ्यातून पाणी चाळणीतून गेल्यासारखे जाते. इथली चिकणमाती ते धरून बसते. नव्या वसाहतींत आणखी एक भानगड असते. वर चार बोटे चांगली माती आणि खाली बांधकामाचा राबिट! म्हणून शेजाऱ्याचे ऐकण्याआधी आपली माती आपण तपासावी. तीन सोप्या परीक्षा आहेत:

१. लाडू परीक्षा. ओली माती मुठीत दाबा. लाडू झालाच नाही तर रेताड. लाडू झाला आणि बोटाने टोचताच फुटला तर उत्तम पोयटा. लाडवाची वळी करून तिची बांगडी वळता आली तर चिकणमाती.

२. खड्डा परीक्षा. फूटभर खोल खड्डा खणून पाण्याने भरा. पाणी जिरले की पुन्हा भरा. दुसऱ्या दिवशी सकाळीही पाणी उभे असेल तर तिथे निचरा नाही.

३. व्हिनेगर परीक्षा. सुक्या मातीच्या चमचाभर ढेकळावर व्हिनेगर टाका. फसफसले तर चुना आहे. आकड्यात हवे असेल तर बागेच्या दुकानात सामू मोजायचा संच मिळतो. साडेपाच ते सात सामू अँजेलिकाला चांगला मानवतो. थोडा जास्त असला तरी ती तग धरते, मात्र मातीत कुजलेला पालापाचोळा भरपूर हवा.

दुरुस्ती अशी. चिकणमातीत नुसती वाळू घालू नका, माती आणखी घट्ट होण्याची भीती असते. दर चौरस मीटरला दोन बादल्या चांगले कुजलेले कंपोस्ट किंवा पानांचे खत घाला आणि हातभर खोलीपर्यंत माती मोकळी करा, कारण अँजेलिकाचे सोटमूळ खोल जाते. ओल्या चिकणमातीत पाय किंवा फावडे घालू नका. पायाने दाबलेली जमीन वर्षभर दगड होऊन बसते. खड्डा परीक्षेत नापास झालेल्या जागी फूटभर उंचीचा गादीवाफा करावा. रेताड जमिनीतही उपाय तोच, कंपोस्ट, पण प्रमाण दुप्पट. ताजे शेणखत वापरू नये, कुजलेलेच घ्यावे.

कंपोस्ट विकत घेताना पीट नसलेले मागा. पीट म्हणजे आयर्लंडच्या दलदलींत हजारो वर्षे साठलेले शेवाळ. तिथल्या बोर्ड ना मोना या सरकारी कंपनीने २०२१ मध्ये पीट काढणे कायमचे बंद केल्याचे जाहीर केले. आयर्लंडच्या किनाऱ्यावरचे शेतकरी पूर्वापार समुद्रशेवाळ शेतात घालत आले आहेत. वादळानंतर वाहून आलेले बादलीभर शेवाळ मिळाले तर धुऊन कंपोस्टमध्ये मिसळावे. खडकावर उगवलेले कापू नये, आणि स्थानिक नियम डून लेरी-रॅथडाउन काउंटी कौन्सिलकडे विचारून घ्यावे.

ऊन, वारा, पाणी

सकाळचे ऊन आणि दुपारनंतर सावली ही जागा सर्वांत बरी. आपल्याला सावली म्हटले की सुख वाटते, पण इथे उन्हाचा तुटवडा आहे. त्यामुळे पूर्ण सावलीत लावू नका. झाड उंच होते म्हणून वाफ्याच्या मागच्या बाजूला लावावे, आणि दोन झाडांत पाऊण ते एक मीटर अंतर ठेवावे.

डून लेरीला समुद्राचा खारा वारा लागतो. वसंतात पूर्वेकडून आलेला गार वारा कोवळी पाने करपवतो. अँजेलिकाचे पोकळ खोड दुसऱ्या वर्षी वाऱ्यात मोडते. तेव्हा भिंतीचा किंवा कुंपणाचा आडोसा बघावा आणि फुलोऱ्याआधीच काठीचा आधार द्यावा.

पाऊस बारमाही असला तरी उन्हाळ्यात दोन-तीन आठवडे कोरडे जातातच. २०१८ च्या उन्हाळ्यात तर पाणीटंचाईमुळे नळीने बाग शिंपण्यावर बंदी आली होती. छपराच्या पन्हळीखाली एक पिंप ठेवावे. झाडाभोवती आपण माडाला करतो तसे उथळ आळे करावे आणि त्यात चार बोटे पालापाचोळ्याचे आच्छादन घालावे, मात्र बुंध्याला चिकटू देऊ नये. वसंतात गोगलगाई कोवळे कोंब खातात. संध्याकाळी टॉर्च घेऊन त्या वेचून काढायचे काम मुलांना द्या, मुले ते आनंदाने करतात. शेंड्याकडे मावा आला तर पाण्याचा फवारा पुरतो.

बी: साठवून ठेवता येत नाही

इथे बहुतेक जण फसतात. मेथी-धण्याचे बी आपण डब्यात वर्ष-वर्ष ठेवतो. अँजेलिकाचे तसे नाही. झाडावर पिकल्यावर काही महिन्यांतच त्याची उगवण्याची ताकद झपाट्याने ओसरते. दुकानातल्या जुन्या पाकिटातले बी उगवले नाही तर दोष मातीला देऊ नका.

ताजे बी ऑगस्टअखेर-सप्टेंबरात मिळते, तेव्हाच टाकावे. मातीवर पसरून हलकेच दाबावे, झाकू नये, कारण त्याला उगवायला उजेड लागतो. थंडीही लागते. हिवाळ्याचा गारवा खाऊन ते वसंतात उगवते. हिवाळ्यानंतर बी हाती आले तर ओल्या वाळूत मिसळून चार ते सहा आठवडे फ्रिजमध्ये ठेवावे आणि मग पेरावे. फ्रीझरमध्ये नव्हे, बरं का! रोपाला चार-सहा पाने आली की कायमच्या जागी लावावे. सोटमूळ मोठे झाल्यावर हलवलेले रोप सहसा रुजत नाही. कुंडीत लावायचे असेल तर कुंडी निदान दीड फूट खोल हवी.

एक नियम ध्यानात असू द्या. १४ डिसेंबर २०१९ पासून युरोपीय संघाबाहेरून पेरणीचे बी आणायला वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र लागते, मग ते पर्समधले चिमूटभर का असेना. म्हणजे इस्राएल किंवा भारतातून बी नेऊ नये. तिथेच एखाद्या रोपवाटिकेतून किंवा बाग असलेल्या शेजाऱ्याकडून घ्यावे. एका झाडाला शेकड्यांनी बी येते, लोक हौसेने देतात. दरवर्षी दोन-दोन रोपे लावत गेलात तर एक जोडी मरेपर्यंत दुसरी तयार असते, आणि घरात अँजेलिका कधी संपत नाही.

आपल्या सणांप्रमाणे वेळापत्रक

तारखा लक्षात राहत नाहीत, सण राहतात. म्हणून असे धरा:

नव्याचा सण: ताजे बी टाका.

सुक्कोत ते हनुका: पाने वाळतात, झाड मेल्यासारखे दिसते. उपटू नका! मूळ जिवंत असते.

होळीचा सण, म्हणजे पुरिम: नवे कोंब दिसू लागतात. गोगलगाईंवर लक्ष.

पेसाहनंतर: लहान रोपे कायमच्या जागी लावा.

शावुओतच्या आसपास: दुसऱ्या वर्षीच्या झाडाची कोवळी खोडे कापा.

बिरड्याच्या सणानंतर: बी पिवळसर होऊ लागते. फुलोऱ्याला मलमलीची पिशवी बांधा, म्हणजे बी सांडणार नाही.

स्वयंपाकघरात

कोवळ्या खोडाची पाकवलेली हिरवी कांडी युरोपात केकवर सजवतात. फ्रान्सचे निओर शहर त्यासाठी प्रसिद्ध आहे. आपल्या कोहळ्याच्या पेठ्यासारखीच ही कृती. बोटभर लांबीचे तुकडे मऊ होईपर्यंत उकडावे, वरची साल व दोरे काढावे, वजनाइतक्याच साखरेत दोन दिवस झाकून ठेवावे, मग सुटलेल्या पाकात तुकडे पारदर्शक होईपर्यंत शिजवावे आणि जाळीवर वाळवावे. हवाबंद बरणीत ते टिकतात. शावुओतला केलेले तुकडे नव्याच्या सणाला चिकाच्या हलव्यावर बारीक चिरून घातले तर पिस्त्यासारखे हिरवे दिसतात आणि वासही न्यारा येतो. आयर्लंडमध्ये रुबार्ब नावाचे आंबट देठ मिळतात. ते शिजवताना अँजेलिकाचे कोवळे देठ घातले की आंबटपणा कमी होतो आणि साखर कमी लागते. मधुमेह असलेल्या मंडळींना ही गोष्ट कामाची.

आता धोक्याची गोष्ट

मुलांनो, नीट ऐका. छत्रीसारखी फुले असलेली सगळी झाडे चांगली नसतात. आयर्लंडच्या ओढ्याकाठी आणि पाणथळ जागी वॉटर ड्रॉपवर्ट नावाचे झाड सर्रास उगवते. त्याची पाने सेलरीसारखी दिसतात, मुळे बोटांच्या जुडग्यासारखी असतात आणि ती खाल्ल्याने माणूस मरू शकतो. दुसरे हेमलॉक, खोडावर जांभळे डाग आणि उंदरासारखा घाणेरडा वास. ग्रीसचा सॉक्रेटिस इसवी सनापूर्वी ३९९ मध्ये याच विषाने मेला. तिसरे जायंट हॉगवीड, चार-पाच मीटरपर्यंत उंच. त्याचा रस कातडीला लागून वर ऊन पडले की भाजल्यासारखे फोड येतात.

डून लेरीच्या किनाऱ्याला अलेक्झांडर्स नावाचे चकचकीत पानांचे, पिवळट फुलांचे झाडही वसंतात जिकडेतिकडे दिसते, आणि ओल्या कुरणांत रानटी अँजेलिका असते. ही दोन विषारी नाहीत. पण फरक ओळखायला सराव लागतो आणि वय झाल्यावर नजर दगा देते. म्हणून नियम एकच: रानातले काही तोडून खायचे नाही. आपण पेरलेले, आपण पाटी लावलेले, तेवढेच ताटात. चुकून काही खाल्ले गेले तर उलटीची वाट न बघता ११२ किंवा ९९९ ला फोन करावा आणि झाडाचा तुकडा जपून ठेवावा.

घरच्या अँजेलिकाचीही थोडी काळजी घ्या. तिच्या रसाने आणि उन्हाने काहींच्या कातडीवर चट्टे उठतात, तेव्हा कापताना हातमोजे आणि लांब बाह्या असाव्यात. चिनी अँजेलिका, म्हणजे डाँग क्वाय, रक्त पातळ करणाऱ्या वॉर्फरिनबरोबर घेतल्याने रक्तस्रावाचा धोका वाढल्याचे डॉक्टरांनी नोंदवले आहे. त्यामुळे असे औषध घेणाऱ्यांनी आणि गरोदर बायकांनी कोणत्याही अँजेलिकाचा काढा किंवा गोळ्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेऊ नयेत.

इस्राएलमधल्या वाचकांसाठी

बेरशेबा-दिमोनाच्या उन्हात अँजेलिका लावायचा हट्ट धरू नये, तिला तो उन्हाळा झेपणार नाही. तिथे हिवाळ्यात शेपू, कोथिंबीर, बडीशेप लावा, हीच तिची भावंडे. लाडू परीक्षा आणि खड्डा परीक्षा मात्र तिथेही तितक्याच खऱ्या.

मुलांनो, तुमच्यासाठी एक काम. फोनवर आजी-आजोबांना विचारा, तुमच्या लहानपणी गावच्या वाडीत काय काय लावलेले होते आणि तिथली माती कसल्या रंगाची होती? उत्तर वहीत लिहून ठेवा. मग आपल्या अंगणातल्या मातीची बांगडी वळते का ते बघा आणि त्यांना कळवा. दोन्ही मातींची नावे एका पानावर आली की तुमची पहिली बागेची वही सुरू झाली.